अस्वलाची विभक्ती

केमी गावात जानेवारीत दोन वाजताच अंधारून येतं.
पाचच्या वर्गाला सगळे बूट बाहेर काढून
नुसत्या मोज्यांवर बसतात,
आणि रायमो ह्युत्तिनेन, वय एकसष्ट,
टकलावर तपकिरी गालिचा ओढून
अस्वल होतो.

"झाडा गोळी!"
नूडलच्या गाड्यावरून तशीच आलेली थुई डस्टर रोखते.
"आम्मुइन कार्हुआ."
अस्वल थांबतच नाही.
शेवटी 'आ' लावलास ना बाई,
म्हणजे गोळी नुसती झाडली गेली;
लागली की नाही, व्याकरणाला ठाऊक नाही.
अस्वल पहिला बाक ओलांडतं,
ओस्तापचं सँडविच खातं,
शीरकोची मान हुंगतं.
"न! न लाव! न!" वर्ग बोंब मारतो.
"कार्हुन!"
धाडकन.
एवढ्याशा न-काराने मेलेलं धूड
फळ्याखाली पाय वर करून पडतं.

मी शाळेत स-ला-ते घोकलं होतं.
त्यात कुणी मेलं नाही.
हसलंही नाही.

"सर, भविष्यकाळ कसा करायचा?" शीरको विचारतो.
गालिच्यातून एक बोट खिडकीबाहेर जातं:
उणे सव्वीस.
"या हवेत भविष्य कोण बनवणार?
आम्ही वर्तमानकाळातच भागवतो."

मग आली ती विभक्ती
जिचा अर्थच मुळी 'वाचून'.
रायमोने खिसे उलटे केले: राहात्ता, पैशांवाचून.
चष्मा काढून कपाटावर आदळला: लासेइत्ता.
"हौसुइत्ता," म्हणत पट्ट्याला हात घातला
तेव्हा थुई किंचाळली,
आम्ही सगळ्यांनी डोळे मिटले,
आणि विजारीवाचूनचा अर्थ
विजार न काढताच कळला.

हसू ओसरलं तसा मागून हात वर आला.
ईदिल. ऑक्टोबरपासून न बोललेली.
"ऐदित्ता," ती म्हणाली.
आईवाचून.
प्रत्यय अचूक, उच्चारही.
रेडिएटर तेवढा टकटकत राहिला.

"बरोबर," रायमो म्हणाला,
हातात गालिचा, गालिच्याला खडू.
पुढे काय बोलावं
हे पंधरांतल्या एकाही विभक्तीत त्याला येईना.

ईदिलनेच त्याच्याकडे पाहिलं, जरा वरती.
"आणि तुम्ही, सर,
हिउक्सित्ता."
केसांवाचून.

अस्वल पुन्हा कोसळलं.
या वेळी
कुणी न लावला नव्हता.