बारावा

एप्रिलात तिथे चेंडू हातात धरवत नाही,
हे कुणी आधी सांगितलं नव्हतं.
विजयदुर्गाहून निघताना सगळे भलतंच सांगत होते :
डुकराचं मटण विचारून खा, सही करताना दोनदा वाच.
आई म्हणाली, परक्या पाण्यात उतरू नको.

बोटं बधिर. खिशात पेटत्या कोळशाची चपटी डबी,
ओव्हर संपली की लाँग लेगला उभं राहून
ती मुठीत दाबायची,
उमगत नाही आपण फिरकी टाकतोय की शेक घेतोय.
डबी मिसेस हॅथरसेज रोज सकाळी पेटवून द्यायची.
तिच्या माळ्यावरच्या खोलीत माझे सहा उन्हाळे गेले.
उन्हाळे म्हणायचे त्यांना.

सेकंड इलेव्हन, म्हणजे प्रेक्षक तीन :
एक पाद्री, एक कुत्रा,
आणि पेपर वाचणारा कुत्र्याचा मालक.
धावफलकावर जागा अपुरी, जुवाटकर मावेना.
त्यांनी आधी जुवाट केलं, मग नुसतं जू.
मी ओ द्यायचो.
आमच्याकडे जू कुणाच्या मानेवर ठेवतात
ते मी तिथे कुणाला सांगितलं नाही.

पहिल्या संघाबरोबर सात वेळा गेलो.
पाच वेळा बारावा.
बारावा म्हणजे कोरडे ग्लोव्ह्ज, केळं, कॅप्टनचा निरोप,
आणि ट्रे, जो धावत न्यायचा पण सांडायचा नाही.
ते मला जमायचं. होडीत वाढलेल्याला
हलत्या जमिनीवर पेज न सांडता जेवता येतं.

जुलैतल्या एका मंगळवारी भावाचं पत्र आलं,
क्लबच्या पत्त्यावर, शाई पसरलेलं.
बाबा गेले. होड्या वर ओढलेल्या होत्या,
म्हणजे समुद्रानं नाही नेलं, खाटेवरच.
तारीख वाचून मी बोटं मोजली,
ज्या बोटानं चेंडू वळवायचो त्यापासून सुरू करून.
आज बारावा.

तेवढ्यात आतून हाक आली : जू, ड्रिंक्स!

ट्रेवर एक ग्लास जास्त ठेवला.
सगळ्यांना दिलं, अंपायरनाही दिलं,
परत येताना दोरीच्या बाहेर थांबलो.
दक्षिण कुठली, विचारणार कुणाला?
पॅव्हेलियनचं घड्याळ असेल तिकडे दक्षिण, असं ठरवलं
आणि ग्लास गवतात ओतला.
पाणी नव्हतं. संत्र्याचं सरबत होतं.
पेपरवाल्याचा कुत्रा येऊन हुंगून गेला.
कावळा नव्हता, कुत्रा चालला.

सप्टेंबरात कोचनं कार पार्कमध्ये गाठलं.
गुड लॅड, म्हणाला, दोनदा.
गाडीची किल्ली तो बोटाभोवती फिरवत होता,
मनगट माझ्यापेक्षा सैल.

आता स्वेटर पुतण्या नेतो ट्रॉलरवर.
छातीवरच्या चिन्हात कुठला प्राणी होता
ते बांगड्याच्या खवल्यांखाली कळत नाही.
मी मार्च ते मे आंब्याच्या पेट्या भरतो,
आंबा हातात आला की दोन बोटं आपोआप फाकतात,
बाया हसतात.

यंदा गिर्येच्या सड्यावर टेनिस बॉलची टूर्नामेंट.
मला खुर्ची, नारळ, लाऊडस्पीकरवर
'इंग्लंड गाजवून आलेले आपले काका'.
पोरांनी विचारलं, तुमी थंय किती विकेट काढलात?
तीन, म्हटलं.
जरा वेळ कुणी बोललं नाही.
मग एकजण म्हणाला, पण थंय!
आणि सगळ्यांना ते पटलं.

सहाव्या ओव्हरनंतर एक पोरगा
प्लास्टिकचा जग घेऊन कातळावरून धावत आला,
अनवाणी, थेंब न सांडता.
मैदानातल्यांना देऊन झाल्यावर माझ्याकडे आला.
तुझं नाव नाही ऐकलं रे स्पीकरवर, मी म्हटलं.
लवेश, म्हणाला. मी टीमीत नाय, काका.
मी बारावो.

ग्लास घेतला. अर्धा प्यायलो.
उरलेला हातात धरून बसलो
सामना संपेपर्यंत.