आठ हजार ऐंशी

शिवडी, रात्री पावणेदोन.
जुन्या लॅपटॉपवर पाच कंटेनर उभे केलेत,
तिसरा सारखा पडतोय.
अप्पा पाणी प्यायला उठतात.
"कंटेनर? कुठल्या पोर्टला?"
"आठ हजार ऐंशी."
हसत नाहीत. गोदीत एकतीस वर्षं टॅली क्लार्क.
"सील बघितलंस?"

बघितलं. एका ओळीआधी एक स्पेस जास्त.
पाचही उभे.
आणि माझंच यंत्र, माझ्याच टेबलावर,
मला विचारतं, आपण कोण?
पासवर्ड चुकीचा.
पुन्हा चुकीचा.

"यलो गेटचा तांडेल," पेला पालथा घालत अप्पा,
"माझ्या लग्नात जेवून गेला,
कामावर गेलो तर म्हणे, पास दाखव."
मग जरा वेळाने,
"राग नाही यायचा."

मी नवा पासवर्ड टाकायला घेतो.
अप्पा, न सांगता,
भिंतीकडे तोंड करतात.