हवेची खोली

केरेनच्या बाजारामागं, उंटांच्या तळाकडे उतरणाऱ्या गल्लीत
हाब्तेआबचं दुकान. दुकान कसलं,
एक पत्रा, एक परात, परातीत कालचं पाणी.

हिदात चाक खांद्यावर घेऊन आली.
थोरल्या भावाचं चाक. तीन वर्षं त्यानं स्वीडनमध्ये चालवलेलं,
मग कुणाकुणाच्या सामानातून इथवर पोचलेलं.
"यात ट्यूब नसतेच," ती म्हणाली.
"आत दूध असतं. भोक पडलं की दूध धावतं,
साकळतं, भोक बुजतं."
"मग?"
"मग दूध संपलं."

ते दूध इथं मिळत नाही. अस्मारात विचारलं, तिथंही नाही.
हाब्तेआबनं टायरची कड उचकटली.
आत नुसती साय, वाळलेली,
नखानं खरवडली की कागदासारखी निघणारी.
व्हॉल्व्हचा नट त्याच सायीनं धरून ठेवलेला.
तो आधी पकडीनं, मग रॉकेलनं,
शेवटी एका शिवीनं सुटला.

"कामेरादारिया घालू."
इटालियन गेले त्याला जमाना झाला, शब्द राहिले.
ट्यूबला इथं अजून तेच म्हणतात:
हवेची खोली.

पण खोली द्यायची तर आधी घर झाडावं लागतं.
त्यानं टायरच्या पोटातून बोटं फिरवली,
डाळीतला खडा शोधावा तशी,
आणि थांबला.
काटा.
त्याच्या शेजारी आणखी एक.
बाभळीचे, एलाबेरेदच्या चढावरचे,
बाहेरून मोडलेले, आतून टोकदार.
सतरा निघाले.

"यांच्यावरून कधी गेलीस?"
"मला कळलंच नाही."
"कसं कळणार? दूध होतं ना."

अठरावा काटा नव्हता. दगडाची कपची होती,
काळी, कडा अजून धारदार.
तिकडे बर्फावर पाय घसरू नये म्हणून
रस्त्यावर खडी टाकतात,
मेरहावी एकदा फोनवर म्हणाला होता.
बाकी दर वेळी म्हणायचा, सगळं ठीक आहे.

ट्यूबला पावडर. तोंडानं एक फुंकर,
आकार येण्यापुरती.
कड रिमच्या खोबणीत सारत, दोन अंगठे,
शेवटची वीतभर सगळ्यात हट्टी.

"हवा जास्त ठेव. दगडावर आपटलीस तर ट्यूब चिमटते,
साप चावल्यागत दोन भोकं पडतात."
"आणि काटा लागला तर?"
"तर बसशील. उतरशील.
बघशील, कुठं लागलाय."

चाक उचलून बघितलं तिनं. जड झालं होतं, थोडंसंच.
मग परातीत हात घातला,
गढूळ पाण्यात चाचपून
सतरा बाजूला सारले
आणि ती एक कपची खिशात टाकली.

हाब्तेआबनं पैसे ट्यूबचे घेतले.
ठिगळं दोन, वर फुकट.