चेरीचं पाणी

उद्यमनगरात, मागच्या गल्लीतल्या शेडात
केरबा मिरजे आठ दिवस एकच तोटी घासत होता.
पितळेची, हातभर.
ड्रॉइंगवर गावाचं नाव होतं, फूजरोल.
कुणालाच नीट वाचता येईना,
मग आम्ही म्हणायचो, फुगेवाडीची ऑर्डर.

कंपनीचा माणूस सांगून गेला,
फ्रान्सातलं एवढंसं गाव, चेरीच चेरी.
शिड्या लावून उतरवतात,
बियांसकट पिंपात आंबवतात,
आणि थंडी पडली की
तांब्याच्या भांड्याखाली जाळ.
केरबा म्हणाला, "म्हंजे गुऱ्हाळच की.
फकस्त वाफ धरायची
आन् ऱ्हाईल ते सोडून द्यायचं."
त्याचा बाप काहिलींना डाग देत हिंडायचा,
शिरोळपासून कागलपर्यंत, सायकलवर.

तोटी गेली.
मार्चात खोका आला, भुशात एक बाटली.
लेबलवर लालभडक चेऱ्या, पानांसकट,
आत मात्र पाणी.
"फसवलं गड्यांनी," पोरं म्हणाली.
बूच निघालं
आणि कटिंग ऑइलच्या, लोखंडी किसाच्या त्या शेडात
एकदम कडू बदाम.
फळ कुठंच नव्हतं.
फळानं आत लपवलेलं तेवढं होतं.

मला चेरी माहीत ती आइस्क्रीमवरची.
कॉकटेलच्या ग्लासात सगळ्यात वर,
सगळ्यात शेवटी खायची,
तिच्यावरून बहिणीचा झिंजा ओढलेला.
ती करवंदं असतात
हे चाळिशीत कळलं.
गगनबावड्याच्या जाळीतली, बोटांना चीक लावणारी,
बी काढून, पाकात मुरवून
लाल केलेली.

इथं करवंद चेरी होतं,
तिथं चेरी पाणी होते.
कोण कुणाला काय म्हणणार.

पोरांनी स्टीलच्या पेल्यात घोट घोट घेतला,
खोकली, हसली.
केरबानं नाही घेतला.
सोडून अकरा वर्षं झालीत त्याला,
आणि त्या अकरा वर्षांचा हिशेब
त्याच्या बायकोला तारखेनिशी पाठ आहे.
बाटली फक्त नाकाशी धरली त्यानं,
बराच वेळ,
मग उजेडाकडं तिरकी करून
मला विचारलं,
"तोटी गळत न्हाई न्हवं त्यांची?"

बाटली आहे अजून, ग्रीसच्या डब्यामागं.
पगाराच्या दिवशी तो बूच काढतो,
परत बसवतो,
आणि दोनदा पिळून बघतो.