वही नंबर दोन

पहिल्या वहीत ग्रंथालय आहे, रेल्वे स्टेशन आहे,
आणि 'माझ्या काकांचे घर निळे आहे' मधलं
एक घर आहे, ज्यात कुणी राहत नाही.
राजारामपुरीत, झेरॉक्सच्या दुकानावरच्या खोलीत
नाडकर्णी मॅडम क्रियापदं उभी करायच्या
सहा-सहाच्या रांगेत,
एनसीसीच्या पोरांसारखी ताठ.

शिरोलीच्या फाउंड्रीत, संध्याकाळी साडेसातला,
साल्तीयोहून इग्नासियोचा फोन येतो तेव्हा
त्यातलं एकही क्रियापद मला ओळख देत नाही.
उधारी थकलेला गाववाला
तोंड फिरवून पुढं निघून जावा, तसं.

म्हणून ही दुसरी वही.
हिच्यात मॅडमचं लाल पेन नाही.

पान एक. आओरीता.
शब्दकोश म्हणतो, आत्ता. अगदी ह्या घडीला.
इग्नासियो म्हणाला, ड्रॉइंग आओरीता पाठवतो.
मी डबा न उघडता साडेदहापर्यंत बसलो.
फेटलिंगचे बाजीराव मामा हात पुसत हसले,
"अगं प्रणोती, जो म्हणतो
'पोचलोच, तावडे हॉटेलाजवळ हाय',
त्यो अजून घरात बनियन शोधत असतोय."
अर्थाच्या रकान्यात लिहिलं: पोचलोच.

पान चार. जिभेवर केस नसणे.
म्हणजे तोंडावर खरं बोलणे.
आमच्या जिभेला हाड नसतं.
दोन्ही देशांत जिभेत काहीतरी कमीच निघालं.

पान पाच निम्मं कोरं. त्यावर चहा सांडलाय.

पान सहावर भांडण आहे.
मॅडम म्हणाल्या, कान्सादो नाही, कान्सादा म्हण.
तू मुलगी आहेस.
मी म्हणालो, होय मॅडम, पण लई दमलो.
वर्ग फुटला हसून.
मॅडम पुण्याच्या. त्यांना कसं सांगू,
आमच्यात आई पण 'बाजारला जाऊन येतो' म्हणते,
मावशी पोराला पाजता पाजता 'थांब, आलो' म्हणते.
शेवटी ओ आला की तिकडं पुरुष, पुण्यातही पुरुष,
पंचगंगेच्या काठावर तेवढा
ओ सगळ्यांचा.
आता मी स्पॅनिशमध्ये बाई म्हणून दमतो
आणि घरी येऊन
पुन्हा आपल्यासारखा.

पान अकरा. वेय.
मॅडमनी बजावलं होतं, हा शब्द वापरायचा नाही,
मुळात अर्थ बैल.
मी वापरला नाही. नुसता लिहून ठेवला,
बैलाच्या अर्थापुढं प्रश्नचिन्ह घालून.

मग ऑगस्टात तीनशे चाळीस हाउसिंग परत फिरली.
इग्नासियोनं एक करवतीनं कापून कॅमेऱ्यासमोर धरलं.
आत भोकं. बारीक, एकाशेजारी एक,
पोळीवर फोड उठावेत तशी.
माझ्यापुढं कागद होता,
'झालेल्या गैरसोयीबद्दल आम्ही दिलगीर आहोत',
व्याकरण मॅडमकडून तपासलेलं.
मी वाचायला लागलो. दुसऱ्या शब्दाला अडखळलो.
पलीकडं कुणीतरी पंखा बंद केला.

इग्नासियोनं तुकडा टेबलावर ठेवला,
डोळे चोळले,
म्हणाला, "नी मोदो, वेय."

बाजीराव मामांनी कोपरानं ढोसलं, काय म्हणतोय?
मामा, म्हणतोय चालायचंच.
आणि मला बैल म्हणाला.
मामांचा चेहरा निवला.
"मग हरकत न्हाई. आपल्यातला झाला.
शिवी पाव्हण्याला देत न्हाईत."

हे सगळं मराठीत चाललेलं इग्नासियो ऐकत होता.
त्यानं विचारलं, तो शब्द कुठला, च नं सुरू झालेला?
मी सावकाश सांगितलं. चा, लाय, चंच.
त्यानं कुठल्यातरी चिठ्ठीच्या मागं लिहून घेतलं.
दोनदा चुकला. तिसऱ्यांदाही चुकला,
पण सूर बरोबर लागला,
खांदे पाडून म्हणतात तसा.

प्रश्नचिन्ह खोडलं मी त्या रात्री.
बैल तसाच ठेवला.

फोन ठेवायच्या आधी त्यानं विचारलं,
नवीन माल कधी ओतताय?
आओरीता, म्हणालो मी,
आणि खरंच उठलो.