येलालो

चौबाऱ्याच्या रद्दीतून मुदस्सिरनं उचललेलं पुस्तक.
पुठ्ठा नाही, पहिली अकरा पानं नाहीत.
बाराव्यावर कुणीतरी जिन्यावरून कुणालातरी म्हणतं :
अनॉन.
सर, म्हणजे?

लगेच, मी म्हणालो.
ताबडतोब. आत्ताच्या आत्ता.
फळ्यावर लिहिताना खडू मोडला.
शिकवणीतल्या नऊ पोरांनी वहीत उतरवून घेतलं.

घरी डिक्शनरी माझं ऐकेना.
सासऱ्यांची ती, तहसिलात पेशकार होते,
पानांना अजून तपकिरीचा वास.
तिच्यात पहिला अर्थ लगेच,
पण त्याच्या कपाळाला खंजिराची खूण,
म्हणजे हा अर्थ मेला.
दुसरा : थोड्या वेळानं.
हा जिवंत, पण म्हातारा.

कसं झालं असेल?
माणसं लगेच म्हणत राहिली
आणि उशिरा येत राहिली,
पिढ्यान् पिढ्या,
शेवटी शब्दानंच हात टेकले.
इंग्रजांचं असं होईल हे मला खरं वाटेना.
ती घड्याळाची माणसं.
आमचं म्हणाल तर आमच्याकडं
हे काम एकाच क्रियापदात उरकतं.

डीपी जळाली त्या वैशाखात
लाईनमन बिरादार फोनवर :
येलालो सर, वाटंतच हाव.
मागं म्हशीचं हंबरणं, भांडी, कुणाच्या तरी लग्नाची हलगी.
अकरा दिवस तो वाटेत होता.
खोटं बोलत नव्हता बिचारा.
पुण्याहून बदलून आलेल्या साहेबाला हे समजावता येत नाही :
येलालो म्हणजे येतोय नव्हे, येईन तर नव्हेच नव्हे.
येलालोमध्ये माणूस निघालेला असतो मनानं,
फक्त चप्पल घालायची राहिलेली असते.

बाराव्या दिवशी लाईट आली
तेव्हा मी त्याला शिव्या दिल्या. तो हसला.
माझंही हसू आवरेना.

सुगलाक्का भालकीला दिलेली.
उदगीरहून तासाभराची गाडी,
डब्यात शेंगा सोलून संपायच्या आत उतरायचं.
आई होती तोवर पंचमीला तिला आणायला मीच जायचो,
झाडाला बांधलेल्या झोक्यावर ती उभ्यानं झोका घ्यायची,
पदर खोचून, दातात वेणी धरून.
आई गेल्यावरच्या पहिल्या पंचमीला फोन केला :
येलालो अक्का.
तिनं पिशवी भरून ठेवली. दिवसभर.
दुसऱ्या वर्षी : येलालो अक्का, पेपर तपासायलालो बघ.
तिसऱ्या वर्षी मी काय सांगितलं ते आठवत नाही.
चौथ्या वर्षी तीच म्हणाली :
निवांत ये रे, घाई नाही.

तेव्हा तिच्या आवाजात खंजिराची खूण होती.
मला ती दिसली नाही.
माझं लक्ष टीव्हीवर होतं.

डिक्शनरीत तिसराही एक अर्थ आहे,
दुसऱ्या एका शब्दाच्या खांद्यावर हात ठेवून येणारा :
अधूनमधून. पुन्हा पुन्हा.
कालपासून झोका तसाच येतोय डोळ्यापुढं,
जातो, येतो,
वर कुणीच उभं नसलेला.

आज शिकवणीत म्हणालो, पोरांनो, खोडा.
मुदस्सिर खोडरबर शोधत म्हणाला,
सर, मेलेला अर्थ खोडला तर
जिन्यावरच्या माणसाचं कसं? तो तर तवाचा हाय.
त्याला लगेचच म्हणायचं असंल.
मग राहू दे, म्हणालो.
पेन्सिलनं राहू दे.

परवा पंचमी.
आता फोन लावलाय, वाजतोय.
पहिल्या रिंगला उचलला असता तर
तोंडातून तेच आलं असतं.
चौथी रिंग.
एका पायात चप्पल घातलीय.
दुसरी कॉटखाली असंल.