खोली तीनशे बारा

पूर्वी इथं मोजे विणले जायचे.
तिसऱ्या मजल्यावर एकशे वीस यंत्रं,
आठव्या खिडकीशी माझं.
आता तिथं पलंग आहे, बदकाच्या पिसांची दुलई,
आणि उशांची वेगळी यादी:
टरफलांची, लॅव्हेंडरची, घोरणाऱ्यांसाठी एक.

सोमवारी नुकरी आम्हांला तळघरात जमवतो,
पडद्यावर आलेख दाखवतो.
सोन्याचे नळ गेले, म्हणतो. झुंबरं गेली.
आता पाहुण्याला खरं काहीतरी हवं.
नावानं हाक मारा, पण डोळ्यांत बघू नका.
त्याच्या आधी त्याची तहान ओळखा,
आणि ओळखलीत हे त्याला कळू देऊ नका.

पाहुणा देवाकडून येतो, असं आई म्हणायची.
आता त्याच्या आधी त्याची फाइल येते:
खोली एकोणीस अंशांवर,
उजव्या कुशीवर झोपतो, कांदा चालत नाही,
नुकता घटस्फोट झालाय,
दोघांसाठीचं काही ठेवू नका.

भिंत मात्र त्यांनी तशीच ठेवली.
तशीच म्हणजे,
बर्लिनहून एक बाई आली,
तीन आठवडे कापसाच्या बोळ्यानं
पोपडे जागच्या जागी चिकटवत बसली.
गंजावर वार्निश दिलं.
ग्लदानीत माझ्या घरी असलेच पोपडे आहेत.
दर वसंतात मी चुना लावते,
दर हिवाळ्यात ते परत येतात, फुकट.
जुनं ते सोनं, खरं आहे,
पण भाव ठरतो
ते कुणाच्या भिंतीवर आहे त्यावरून.

पलंगाच्या डाव्या हाताला काच बसवलीय.
काचेमागे पेन्सिलच्या रेघा, वर पितळी दिवा.
कार्डावर छापलंय: श्रमाची लय. अज्ञात कामगार.
एका पाहुणीनं अभिप्रायात लिहिलं,
भिंत आतून हलवून टाकते. शॉवरला जोर कमी.
शॉवरवर बैठक झाली.

रेघा आमच्याच. त्र्याण्णवचा हिवाळा.
तिबिलिसीत वीज नाही, कारखान्यात पैसा नाही,
पगार म्हणून मोजेच हातात दिले,
करडे, सगळे एकाच मापाचे.
पहाटे दोनला एकीनं पावाच्या रांगेत जायचं,
सगळ्यांचे पाव आणायचे,
आपल्या नावाखाली रेघ ओढायची.
गुलिको. मी. लमारा.
हिशेब होता तो.
लय असलीच तर दात वाजण्याची.

लमारा आता इटलीत, बारीला.
एका म्हातारीला भरवते, कूस बदलून देते.
तिला फोटो पाठवला.
बराच वेळ काहीच नाही, मग फोनच आला.
"माझ्या दोन कमी आहेत, त्सियुरी."
मी म्हटलं, गिलावा पडला असेल तेवढा.
"पडू दे. एकदा गुडघाभर बर्फ होता,
पायात गुलिकोचे बूट, दोन मापं मोठे.
आणि एकदा तू तापानं फणफणली होतीस,
तुझ्या बदली मी गेले होते."
पलीकडे म्हातारीनं हाक मारली.
लमारानं फोन ठेवला.

एकोणीस अंशवाला सकाळी गेला.
दुपारी तीनपर्यंत खोली माझी.
चादर ताणली, कोपरे दुमडले,
उशीवर चुर्चखेलाचा तुकडा ठेवला,
स्थानिक काहीतरी म्हणून.
मग पलंग हातभर पुढे ओढला.
टेबलावर हॉटेलची पेन्सिल असते,
देवदाराची, वास येतो तिला,
पाहुणे घरी घेऊन जातात.
काचेच्या बाहेर, उशाच्या फळीमागे,
जिथं दिवा पोचत नाही,
दोन रेघा ओढल्या.

पहिली जरा वाकडी आली.
बर्फ होता ना.